लिव्हिंगस्टनच्या शेवटच्या डायऱ्या लंडनला पोचल्या, त्या मुंबई-नाशिकमध्ये राहून गेलेल्या माणसांमुळे

हार्बर लाइनवर डॉकयार्ड रोड सुटलं की पुढचं स्टेशन लागतं रे रोड. एका बाजूला माझगाव, दुसऱ्या बाजूला दारूखाना. मोडायला आलेली जहाजं, लोखंडाचे ढीग, ट्रकच्या रांगा. डिसेंबर १९१० मध्ये कुर्ला ते रे रोड अशी ही लाइन सुरू झाली. स्टेशनला नाव मिळालं ते लॉर्ड रे यांचं. हे १८८५ ते १८९० या काळात मुंबईचे गव्हर्नर होते.

पण या भागाला रे साहेबांचं नाव लागायच्या कितीतरी आधी, १८६४ साली, मुंबईच्या गोदीत दोन आफ्रिकन माणसं कामाला लागली होती. एकाचं नाव सुसी, दुसऱ्याचं आमोडा.

त्यांच्या नावाचं काही स्टेशन झालं नाही. पण इंग्रजीतलं एक जगप्रसिद्ध प्रवासाचं पुस्तक आज आपल्याला वाचायला मिळतं, त्यात या दोघांचा आणि त्यांच्यासारख्याच मुंबई-नाशिकमध्ये राहून गेलेल्या काही जणांचा मोठा वाटा आहे. ते पुस्तक म्हणजे डेव्हिड लिव्हिंगस्टनची शेवटची रोजनिशी, ‘लास्ट जर्नल्स’.

ते पुस्तक कसं वाचलं आणि त्यात या माणसांना कसं शोधायचं, तेच आज समजून घेऊ.

मुळात ही पुस्तकं कुठली?

एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमध्ये दोन प्रकारची पुस्तकं तुफान खपायची. एक म्हणजे शोधमोहिमांची. कुठलातरी साहेब आफ्रिकेच्या आत शिरायचा, नदीचा उगम नाहीतर तलाव ‘शोधायचा’ आणि परत येऊन जाडजूड पुस्तक लिहायचा. दुसरी म्हणजे लढायांची. फौज कुठे उतरली, कशी चालत गेली, किल्ला कसा पडला, याचा तपशीलवार वृत्तांत.

यातली काही गाजलेली नावं बघा. रिचर्ड बर्टनचं ‘लेक रीजन्स ऑफ सेंट्रल आफ्रिका’ १८६० सालचं. जॉन स्पीकचं नाईलच्या उगमाच्या शोधाचं पुस्तक १८६३चं. हेन्री स्टॅन्लीचं ‘हाऊ आय फाउंड लिव्हिंगस्टन’ १८७२चं. व्हर्नी कॅमेरॉनचं ‘अक्रॉस आफ्रिका’ १८७७चं. आणि लिव्हिंगस्टनचं ‘लास्ट जर्नल्स’ १८७४चं, तेही त्याच्या मृत्यूनंतर छापलेलं.

या सगळ्या पुस्तकांच्या मुखपृष्ठावर एकेकाच साहेबाचं नाव आहे. आत मात्र शेकडो माणसं आहेत. ओझं उचलणारी, वाट दाखवणारी, दुभाष्याचं काम करणारी, आजारी साहेबाला खांद्यावरून नेणारी. यातल्या बऱ्याच जणांची वाट मुंबईवरून जात होती.

आफ्रिकेच्या मोहिमांमध्ये मुंबई कुठून आली?

नकाशा उघडून बघा. मुंबई आणि झांजिबारच्या मध्ये फक्त अरबी समुद्र आणि हिंदी महासागर आहे. मोसमी वाऱ्यांवर गलबतं शेकडो वर्षं ये-जा करत होती. झांजिबारच्या बाजारात कच्छी आणि गुजराती व्यापाऱ्यांची पेढी होती. इंग्रजांसाठी पूर्व आफ्रिकेला जायचा सोयीचा दरवाजा म्हणजे मुंबईच होता.

बर्टन हा कंपनी सरकारच्या मुंबई फौजेतला अधिकारी. त्याने मराठीची परीक्षाही पास केली होती. तो आणि स्पीक डिसेंबर १८५६ मध्ये मुंबईहूनच झांजिबारला निघाले. स्टॅन्ली हा अमेरिकन पेपरचा बातमीदार, लिव्हिंगस्टनला शोधायला निघाला तेव्हा तोही आधी मुंबईत आला आणि ऑक्टोबर १८७० मध्ये इथूनच जहाजात बसला.

लढायांचंही तेच. अॅबिसिनियाच्या म्हणजे आजच्या इथिओपियाच्या सम्राट टेवोड्रोसने काही युरोपियन लोकांना कैदेत ठेवलं होतं. त्यांना सोडवायला १८६७-६८ मध्ये फौज पाठवली गेली. तिचा सेनापती रॉबर्ट नेपियर तेव्हा मुंबई फौजेचा सरसेनापती होता. सुमारे १३ हजार सैनिक, त्यांच्यामागे सुमारे २६ हजार बाजारबुणगे, ४० हजारांहून जास्त जनावरं आणि त्यात ४४ हत्ती. १३ एप्रिल १८६८ ला मगडाला किल्ला पडला. टेवोड्रोसने स्वतःला गोळी घालून घेतली. इंग्रजांनी किल्ला लुटला आणि तिथल्या शेकडो हस्तलिखित पोथ्या उचलून नेल्या. त्यातल्या बऱ्याच आजही लंडनमध्ये आहेत.

या मोहिमेवर पुस्तकांचा पाऊस पडला. क्लेमेंट्स मार्कहॅमने इतिहास लिहिला, बातमीदार हेन्टीने लिहिलं, स्टॅन्लीने लिहिलं, कैदेतून सुटलेल्या डॉक्टर ब्लँकनेही लिहिलं. एका सैनिकामागे दोन चाकरीवाले होते हा आकडा या वृत्तांतांवरूनच कळतो. पण त्या २६ हजारांतल्या किती जणांची नावं सापडतात, हे शोधायला गेलात तर हाती फार थोडं लागतं.

कैद्यांमध्ये मुंबई फौजेतला एक तरुण अधिकारी होता, विल्यम प्रिडो. हे नाव लक्षात ठेवा. पुढे लागणार आहे.

ज्याचं नावच ‘बॉम्बे’ होतं

शोधमोहिमांच्या पुस्तकांत एक माणूस पुन्हा पुन्हा भेटतो. सिदी मुबारक बॉम्बे.

साधारण १८२०च्या सुमारास पूर्व आफ्रिकेतल्या याओ लोकांमध्ये जन्म. लहानपणी गुलाम पकडणाऱ्यांनी उचललं, कापडाच्या बदल्यात विकलं आणि एका भारतीय व्यापाऱ्याने त्याला हिंदुस्थानात आणलं. इथे तो वर्षानुवर्षं राहिला. मालक मेल्यावर मोकळा झाला आणि झांजिबारला परत गेला. तिथे सुलतानाच्या नोकरीत असताना १८५७ मध्ये बर्टन आणि स्पीकला भेटला.

स्पीकला स्वाहिली येत नव्हती. बॉम्बेला इंग्रजी येत नव्हती. मग दोघं बोलायचे कसे? हिंदुस्थानीत. नाईलचा उगम शोधणाऱ्या साहेबाचा रोजचा कारभार आपल्याकडच्या भाषेत चालायचा आणि तेही एका आफ्रिकन माणसाच्या तोंडून.

बर्टन-स्पीकच्या मोहिमेनंतर तो स्पीकच्या दुसऱ्या मोहिमेत गेला. मग स्टॅन्लीबरोबर लिव्हिंगस्टनला शोधायला गेला. मग कॅमेरॉनबरोबर आफ्रिका खंड या किनाऱ्यापासून त्या किनाऱ्यापर्यंत पार केला. चार पुस्तकांत एकच माणूस. साहेब बदलत गेले, बॉम्बे तोच राहिला.

त्याला मार पडल्याचंही याच पुस्तकांत आहे. स्पीकने त्याच्या तोंडावर ठोसे मारले, हे स्पीकनेच लिहून ठेवलंय. स्टॅन्लीनेही हात उचलला. १८७६ मध्ये रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने त्याला चांदीचं पदक दिलं. १८८५ मध्ये तो वारला. त्याने स्वतः पुस्तक लिहिलं नाही. त्यामुळे तो जो काही आपल्याला दिसतो, तो मारणाऱ्यांच्या लेखणीतून.

लिव्हिंगस्टन मुंबईत येतो

आता मुख्य गोष्टीकडे. १८६४ साली लिव्हिंगस्टनची झांबेझी नदीवरची मोहीम फसली. त्याच्याकडे ‘लेडी न्यासा’ नावाची छोटी वाफेची बोट होती. ती विकायची होती, पण गुलामांच्या व्यापाऱ्यांच्या हाती पडायला नको होती. म्हणून पठ्ठ्याने ती नदीतली बोट थेट समुद्रात घातली आणि झांजिबारहून मुंबईला आणली. अडीच हजार मैल, ४५ दिवस. जून १८६४ मध्ये बोट बंदरात शिरली तेव्हा ती इतकी लहान होती की कुणाचं लक्षही गेलं नाही.

बोटीवर तीन युरोपियन होते. बाकी झांबेझीकडची माणसं, जी याआधी कधी समुद्रावर गेलेली नव्हती. त्यात सुसी आणि आमोडा होते. आणि दोन पोरं होती, चुमा आणि विकाटनी. यातल्या चुमाला १८६१ मध्ये गुलामांच्या तांड्यातून सोडवलं होतं.

लिव्हिंगस्टन इंग्लंडला गेला आणि ही मंडळी मुंबईत राहिली. सुसी आणि आमोडा गोदीत कामाला लागले. चुमा आणि विकाटनीला डॉ. जॉन विल्सन यांच्या शाळेत ठेवलं. हेच ते विल्सन, ज्यांचं नाव गिरगाव चौपाटीसमोरच्या कॉलेजला आहे.

सप्टेंबर १८६५ मध्ये लिव्हिंगस्टन परत मुंबईत आला. बोट २३०० पौंडांना विकली, म्हणजे ती बांधायला लागलेल्या खर्चाच्या निम्म्याहून कमी किमतीला. ते पैसे ज्या बँकेत ठेवले ती बँकही बुडाली. अमेरिकेतलं यादवी युद्ध संपून कापसाचे भाव कोसळले होते आणि मुंबईत शेअरबाजाराचा फुगा फुटला होता. त्यात भल्याभल्यांचं दिवाळं निघालं, तसं याचंही नुकसान झालं.

पण माणसं मिळाली. जानेवारी १८६६ मध्ये ‘थुली’ नावाच्या जहाजावरून तो मुंबईहून झांजिबारला निघाला. मोहिमेत मुंबईच्या मरीन बटालियनचे शिपाई होते, चुमा-विकाटनी आणि सुसी-आमोडा होते आणि नाशिकहून आलेले नऊ जण होते.

‘नासिक बॉईज’ म्हणजे कोण?

नाशिकला गेलात तर शरणपूर रोड सगळ्यांना माहीत असतो. हे शरणपूर म्हणजे १८५०च्या दशकात चर्च मिशनरी सोसायटीने वसवलेली ख्रिस्ती वस्ती. विल्यम सॉल्टर प्राइस हे तिथले मिशनरी.

त्या काळात इंग्रजी आरमार हिंदी महासागरात गुलामांची गलबतं पकडायचं. सुटका झालेली पोरं मुंबईला आणली जायची. त्यांना घरी कसं पाठवणार? गाव कुठलं, कुणाला ठाऊक नाही. पाठवलं तर पुन्हा पकडले जाणार. मग त्यातल्या बऱ्याच पोरांना शरणपूरच्या आश्रमात ठेवलं. तिथे लिहायला-वाचायला, इंग्रजी आणि सुतारकी-लोहारकीसारखी कामं शिकवली.

पुस्तकांत यांना ‘नासिक बॉईज’ म्हटलंय. मोठी झाली, मिशा फुटल्या, तरी बॉईजच. पुढे जी मंडळी आफ्रिकेत स्थायिक झाली त्यांना ‘बॉम्बे आफ्रिकन्स’ म्हणू लागले. १८७५ मध्ये मोंबासाजवळ सुटका झालेल्या गुलामांसाठी जी वसाहत उभी राहिली तिचं नाव फ्रिअर टाउन. हे फ्रिअर म्हणजे मुंबईचे माजी गव्हर्नर बार्टल फ्रिअर. ती वसाहत उभारायला नाशिकचे प्राइस साहेबच गेले आणि तिथलं शिकवण्याचं, धर्मोपदेशाचं बरंच काम या बॉम्बे आफ्रिकन मंडळींनी सांभाळलं.

ही सगळी साधुसंत माणसं होती असं नाही. लिव्हिंगस्टनने आपल्या रोजनिशीत नासिक बॉईजबद्दल भरपूर तक्रारी केल्यात. आळशी म्हटलंय, चोर म्हटलंय. काही जण सोडून गेले. मुंबईच्या शिपायांना तर काही महिन्यांतच परत पाठवलं. पण याची दुसरी बाजूही बघा. उपाशीपोटी, तापाने फणफणत, कुठे चाललोय याचा पत्ता नसताना एका हट्टी म्हाताऱ्याच्या मागे सात वर्षं चालायचं होतं. सोडून गेलेल्यांचं नवल वाटण्याऐवजी टिकून राहिलेल्यांचं वाटावं.

शेवटपर्यंत टिकले ते पाच जण. सुसी, चुमा आणि आमोडा. गार्डनर आणि माब्रुकी. पहिले तिघं मुंबईत राहून गेलेले. नंतरचे दोघं नाशिकचे.

१८७१ मध्ये स्टॅन्लीने लिव्हिंगस्टनला उजिजीत गाठलं. परत जाताना त्याने लिव्हिंगस्टनची तोपर्यंतची मोठी रोजनिशी इंग्लंडला नेली आणि झांजिबारहून ५७ जणांची नवी कुमक पाठवली. त्यात नाशिकचे आणखी सहा जण होते. त्यातल्या एकाचं नाव जेकब वेनराइट.

चितांबोचं गाव, मे १८७३

१ मे १८७३. आजच्या झांबियातल्या चितांबो नावाच्या सरदाराच्या गावात, एका झोपडीत, लिव्हिंगस्टन पहाटे मेलेला सापडला.

आता तांड्यातल्या साठेक माणसांपुढे प्रश्न होता. साहेब मेला. पगार देणारा कुणी नाही. प्रेत बाळगणं म्हणजे प्रत्येक गावात संकट, कारण मेलेल्या परक्या माणसाबद्दल लोकांच्या मनात भीती. सोपा मार्ग एकच होता. पुरायचं आणि आपापल्या वाटेने जायचं. त्यांना कुणी विचारलंही नसतं.

त्यांनी तसं केलं नाही. सुसी आणि चुमाला पुढारी नेमलं आणि प्रेत समुद्रापर्यंत न्यायचं ठरवलं.

पहिलं काम जेकबने केलं. सगळ्यांसमोर पेट्या उघडल्या आणि आत काय काय आहे याची यादी लिहून काढली. वह्या, कागद, उपकरणं, सगळं. नंतर कुणी म्हणायला नको की काही गायब झालं. हे शिक्षण शरणपूरचं होतं आणि त्याचा उपयोग कुठल्या कुठे झाला!

मग काळीज आणि आतडी काढून झाडाखाली पुरली. जेकबने प्रार्थना वाचली. शरीरात मीठ भरलं, चौदा दिवस उन्हात वाळवलं. नंतर ते मांजरपाटात गुंडाळलं, झाडाच्या सालीच्या नळकांड्यात घातलं, वरून शिडाचं कापड शिवलं आणि डांबर फासलं. झाडाच्या बुंध्यावर जेकबने अक्षरं कोरली. त्यात लिव्हिंगस्टनचं नाव होतं आणि तांड्यातल्या पुढाऱ्यांचीही नावं होती. त्या बुंध्याचा तुकडा पुढे लंडनला नेला गेला.

मग चाल सुरू झाली. दीड हजार किलोमीटरहून जास्त. नऊ महिने.

वाटेत उन्यान्येंबेला कॅमेरॉनचा तांडा भेटला. हा कॅमेरॉन लिव्हिंगस्टनच्या मदतीलाच निघाला होता आणि त्याच्या माणसांचा मुख्य होता आपला सिदी मुबारक बॉम्बे. चुमा पुढे जाऊन चिठ्ठी घेऊन पोचला. चिठ्ठी इंग्रजीत होती, जेकबच्या हातची. कॅमेरॉनने सुचवलं की प्रेत इथेच पुरा, पुढे धोका आहे. एका गोऱ्या अधिकाऱ्याचा हा सल्ला होता. या मंडळींनी तो ऐकला नाही.

पुढे खरंच धोका आला. एका गावाने प्रेत घेऊन जाऊ देणार नाही म्हणून सांगितलं. तेव्हा यांनी शक्कल लढवली. गावाला सांगितलं, बरं, आम्ही प्रेत मागे पाठवून उन्यान्येंबेला पुरतो. ज्वारीची धाटं बांधून माणसाएवढं गाठोडं केलं, त्याला प्रेतासारखं कापड गुंडाळलं आणि काही जण ते वाजतगाजत उलट्या दिशेने घेऊन गेले. रात्री जंगलात धाटं फेकून दिली आणि गुपचूप परत आले. खरं प्रेत तोवर पुन्हा बांधून कापडाच्या साध्या गठ्ठ्यासारखं केलं होतं. तो गठ्ठा गावाच्या नाकासमोरून पुढे गेला.

फेब्रुवारी १८७४ मध्ये तांडा बागामोयोला समुद्रकाठी पोचला. प्रेत होतं. पेट्या होत्या. पेट्यांमध्ये वह्या होत्या.

झांजिबारला तेव्हा इंग्रजांचा हंगामी वकील कोण होता? कॅप्टन प्रिडो. तोच, ज्याच्या सुटकेसाठी सहा वर्षांपूर्वी मुंबईच्या फौजेने मगडालापर्यंत कूच केलं होतं. एका साहेबासाठी ४० हजार जनावरांची मोहीम निघाली होती. दुसऱ्या साहेबाचं प्रेत साठ माणसांनी कुणाच्याही हुकुमाशिवाय आणून दिलं. त्यांचा पगार चुकता करून त्यांना रजा दिली गेली.

लंडनमध्ये काय झालं?

शवपेटीबरोबर इंग्लंडला एकच जण गेला, जेकब वेनराइट. त्याच्या तिकिटाचे पैसे मिशनरी सोसायटीने दिले. हे प्रेत लिव्हिंगस्टनचंच आहे का, हे डॉक्टरांनी दंडाच्या हाडावरून ठरवलं. पूर्वी सिंहाने चावा घेतला होता तेव्हा ते मोडलं होतं. १८ एप्रिल १८७४ ला वेस्टमिन्स्टर अॅबीमध्ये अंत्यविधी झाला. शवपेटीचे मानकरी आठ जण होते. त्यात एक स्टॅन्ली आणि एक जेकब.

सुसी आणि चुमाला कुणी नेलंच नव्हतं. नंतर लिव्हिंगस्टनचे मित्र जेम्स यंग यांनी खर्च करून त्यांना बोलावलं. तोवर अंत्यविधी उरकला होता. पण त्यांचं जाणं पुस्तकासाठी महत्त्वाचं ठरलं. होरेस वॉलर हे पाद्री त्या वह्यांचं संपादन करत होते. अक्षर लागत नव्हतं, ठिकाणं कळत नव्हती आणि शेवटच्या दिवसांत लिव्हिंगस्टनने जवळजवळ काही लिहिलंच नव्हतं. ती जागा सुसी आणि चुमाच्या तोंडी हकिकतीने भरली. वॉलर यांनी प्रश्न विचारले, यांनी सांगितलं, ते पुस्तकात आलं.

म्हणजे ‘लास्ट जर्नल्स’चा शेवट लिव्हिंगस्टनचा नाहीच. तो या दोघांचा आहे. मुखपृष्ठावर मात्र नाव लिव्हिंगस्टनचं आणि संपादक म्हणून वॉलर यांचं.

रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने तांड्यासाठी साठ चांदीची पदकं पाडली. पण पदकं तयार होईपर्यंत माणसं पांगली होती आणि अनेकांपर्यंत ती पोचलीच नाहीत. चुमा १८८२ मध्ये झांजिबारला वारला, सुसी १८९१ मध्ये आणि जेकब १८९२ मध्ये.

छापलेलं पुस्तक आणि मूळ वही

या पुस्तकांबाबत एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. प्रवास एकीकडे, वही दुसरीकडे आणि छापलेलं पुस्तक तिसरीकडे. मधे संपादक बसलेला असतो.

वॉलर यांनी बरंच गाळलं, बरंच गुळगुळीत केलं. त्यांना गुलामगिरीविरुद्ध लढणारा संत उभा करायचा होता. इतिहासकार डोरोथी हेली यांनी १९८७ मध्ये यावर आख्खं पुस्तकच लिहिलं.

१८७१ मध्ये लिव्हिंगस्टनकडचे कागद आणि शाई संपली होती. तेव्हा तो जुन्या वर्तमानपत्राच्या छापील पानांवर, आडवा, फळांच्या रसाने लिहायचा. ते लिखाण पुढे इतकं फिकं झालं की वाचताच येईना. २०११ मध्ये वेगवेगळ्या प्रकाशलहरींत फोटो काढून अभ्यासकांनी ते वाचलं. १५ जुलै १८७१ ला न्यांग्वेच्या बाजारात गुलामांच्या व्यापाऱ्यांनी केलेल्या कत्तलीची हकिकत त्यात आहे. ताज्या वहीतली नोंद आणि नंतर सावकाश लिहिलेली नोंद यांत फरक निघाला. स्वतःच्या माणसांच्या वागण्याबद्दलचे काही अवघड तपशील नंतरच्या लिखाणात सौम्य झाले होते.

मराठी वाचकाला हे नवं वाटू नये. वरसईच्या विष्णुभट गोडसे यांचं ‘माझा प्रवास’ आठवा. १८५७च्या धामधुमीत उत्तरेत गेलेला, झाशीचा वेढा आतून पाहिलेला हा भिक्षुक. त्याचं पुस्तक चिं. वि. वैद्य यांनी १९०७ मध्ये छापलं, पण संपादन करून. मूळ लिखाण जसंच्या तसं वाचायला मिळालं ते १९६६ मध्ये, दत्तो वामन पोतदार यांच्यामुळे. म्हणजे जवळपास साठ वर्षं लोक वैद्यांनी सुधारलेले गोडसे वाचत होते.

जेकब वेनराइटचंही तसंच. त्याने स्वतःची डायरी लिहिली होती. लिव्हिंगस्टनच्या मृत्यूच्या वेळी तिथे असलेल्या आफ्रिकन माणसाने स्वतःच्या हाताने लिहिलेली ही नोंद. १८७४ मध्येच तिचं भाषांतर जर्मनीतल्या भूगोलाच्या नियतकालिकात आलं. मूळ हस्तलिखित आज स्कॉटलंडमधल्या लिव्हिंगस्टन जन्मस्थान संग्रहालयाकडे आहे आणि २०१९ पासून ते इंटरनेटवर बघता येतं. त्याच वर्षी झिंबाब्वेच्या लेखिका पेटिना गप्पा यांची या तांड्यावरची कादंबरीही आली. त्यात जेकब हा एक मुख्य निवेदक आहे.

मग ही पुस्तकं वाचायची कशी?

ती फुकट मिळतात. स्वामित्वहक्क कधीच संपलेत. ‘लास्ट जर्नल्स’, स्टॅन्ली, स्पीक, बर्टन, सगळे प्रोजेक्ट गुटेनबर्ग आणि इंटरनेट आर्काइव्हवर आहेत. वाचताना चार गोष्टी करा.

१. ‘नाशिक’ शोधून सापडणार नाही. त्या काळातलं स्पेलिंग ‘नॅसिक’ असं, मधे दोन एस आणि शेवटी सी-के. तसं शोधा, म्हणजे पानंच्या पानं निघतील. ‘बॉम्बे’ शोधलंत तर शहर आणि माणूस दोन्ही सापडतील. कोण कुठला ते बघून घ्या.

२. एकच मोहीम दोन पुस्तकांत वाचा. बर्टन आणि स्पीक एकाच वाटेने गेले, पण सिदी मुबारक बॉम्बे दोघांच्या पुस्तकांत वेगवेगळा दिसतो. दोन्ही वाचले की त्यांच्या मधला खरा माणूस थोडा हाती लागतो.

३. ‘आम्ही नदी ओलांडली’ असं वाक्य आलं की थांबा. ओलांडली कुणी, आणि साहेब कुणाच्या खांद्यावर होता, हे पुढच्यामागच्या पानांत बहुतेक वेळा सापडतं. तक्रारी तर आवर्जून वाचा. साहेब जेव्हा चिडतो तेव्हाच तो माणसांची नावं लिहितो.

४. ‘लास्ट जर्नल्स’ मात्र शेवटाकडून वाचायला घ्या. दुसऱ्या खंडाची अखेरची प्रकरणं आधी. लिव्हिंगस्टनची स्वतःची शेवटची नोंद २७ एप्रिल १८७३ची आहे. त्यानंतरची सगळी हकिकत मुंबईच्या गोदीत काम केलेल्या सुसीने आणि विल्सन यांच्या शाळेत शिकलेल्या चुमाने सांगितलेली आहे.